अमेरिकन फुटबॉलमधला पंटर: ड्रॉप कसा शिकायचा, जागा कशी मिळवायची आणि ती कशी टिकवायची

एनएफएल या अमेरिकेच्या व्यावसायिक फुटबॉल लीगमध्ये संघ ३२ आणि प्रत्येक संघात पंटर, म्हणजे हातातून सोडलेला बॉल लाथेने दूर मारून देणारा खेळाडू, एक. राखीव क्वार्टरबॅक (पास फेकणारा मुख्य खेळाडू) असतो, राखीव पंटर नसतो. ५३ खेळाडूंच्या यादीत दुसऱ्या पंटरसाठी जागा अडवायला कुठलाच कोच तयार होत नाही. म्हणजे चांगल्या पगाराच्या जागा मोजून ३२, आणि त्यातल्या काहींवर एकच माणूस दहा-दहा वर्षं ठाण मांडून बसलेला. जेफ फिगल्स १९८८ ते २००९ असे सलग २२ मोसम खेळला आणि त्यात त्याचा एकही सामना चुकला नाही. अशा माणसाच्या मागे रांगेत उभं राहायचं असतं.

जागा मिळवायला पाय लागतो, पण टिकवायला हात लागतात. स्नॅप (लाँग स्नॅपरने पायांमधून मागे फेकलेला बॉल) झेलणं, लेस (बॉलवरची दोऱ्यांची वीण) वर येतील असा बॉल फिरवणं, तो न हलवता सोडणं म्हणजे ड्रॉप, फील्ड गोलच्या (बॉल लाथेने गोलखांबांमधून घालवण्याच्या) वेळी किकरसाठी धरणं ही सगळी हातांची कामं आहेत, आणि पंटरला नारळ मिळतो तो पुष्कळदा यांतलंच एखादं बिघडल्यामुळे. म्हणून खाली पायापेक्षा हातांबद्दल जास्त लिहिलं आहे.

कामाचं मोजमाप कसं होतं

संघाला दहा यार्ड पुढे जायला चार प्रयत्न मिळतात. तीन प्रयत्नांत जमलं नाही आणि फील्ड गोलसाठी अंतर जास्त असेल, तर चौथ्या प्रयत्नाला पंटर बॉल दूर मारून देतो, म्हणजे प्रतिस्पर्ध्याला लांबून सुरुवात करावी लागते. एका सामन्यात एका संघाला असे सरासरी चारेक पंट मारावे लागतात. अलीकडे कोच चौथ्या प्रयत्नाला जोखीम घेऊ लागल्यामुळे हा आकडा कमी होत चालला आहे. आठवडाभराच्या मेहनतीचा हिशोब चार किकांत होतो, त्यामुळे एक वाईट पंट झाकायला जागाच उरत नाही.

ग्रॉस सरासरी म्हणजे स्क्रिमेज रेषेपासून (जिथून खेळ सुरू होतो त्या रेषेपासून) बॉल किती यार्ड गेला ते. पंटर त्या रेषेच्या साधारण १५ यार्ड मागे उभा असतो आणि पावलं टाकत चारेक यार्ड पुढे येतो. त्यामुळे कागदावरचा ४५ यार्डांचा पंट प्रत्यक्षात पायापासून ५५ यार्डांच्या पुढे गेलेला असतो. बातम्यांत झळकतो तो हाच आकडा. सॅमी बॉने १९४० साली ५१.४ यार्डांची सरासरी नोंदवली. हा विक्रम टिकला २०२२ पर्यंत. त्या वर्षी टेनेसी टायटन्सच्या रायन स्टोनहाउसने पहिल्याच मोसमात ५३.१ यार्डांची सरासरी गाठली.

कोच मात्र नेट सरासरी बघतो. एकूण यार्डांतून रिटर्नचे (झेलणारा बॉल घेऊन जितका परत धावला त्याचे) यार्ड वजा करायचे, बॉल एंड झोनमध्ये (गोल रेषेमागच्या पट्ट्यात) जाऊन टचबॅक झाला, म्हणजे तिथेच बाद धरला गेला, तर प्रत्येकी २० यार्ड वजा करायचे आणि मग पंटच्या संख्येने भागायचं. ५० यार्डांचा पंट मारला आणि रिटर्नर १४ यार्ड परत आला, तर हाती ३६. दुसऱ्याने ४४ यार्डांचा उंच पंट मारला आणि रिटर्नरला फेअर कॅच (परत धावण्याचा हक्क सोडून घेतलेला झेल) घ्यावा लागला, तर हाती पूर्ण ४४. पहिल्या पंटला प्रेक्षक टाळ्या वाजवतात, करार दुसऱ्याला मिळतो. जॉनी हेकरने २०१६ मध्ये रॅम्सकडून ४६.० ची नेट सरासरी काढली. या पेशात कशाला किंमत आहे ते समजायचं असेल, तर लांबीच्या विक्रमांपेक्षा हा मोसम अभ्यासा.

हँग टाइम म्हणजे पायापासून रिटर्नरच्या हातापर्यंत बॉल हवेत किती वेळ राहिला ते. सरळ नियम असा की यार्डांचा आकडा आणि सेकंदांचा आकडा जुळला पाहिजे: ४५ यार्डांना ४.५ सेकंद, ४८ ला ४.८. रिटर्नरला पकडायला कडेने धावणाऱ्या दोन गनरना तेवढं अंतर कापायला साधारण तेवढाच वेळ लागतो. ५५ यार्ड आणि ४.२ सेकंद हा पंट वाईट, कारण बॉल गनरच्या खूप आधी पोचतो आणि रिटर्नरला मोकळं मैदान मिळतं. एनएफएलमध्ये हे जास्तच बोचतं. तिथे बॉल लाथाडला जाईपर्यंत फक्त टोकाच्या दोघांनाच रेषा ओलांडता येते. कॉलेजात स्नॅप होताच सगळे सुटतात.

चौथी गोष्ट म्हणजे ऑपरेशन टाइम, अर्थात स्नॅपपासून किकपर्यंतचा वेळ. लाँग स्नॅपरचा बॉल ०.७५ सेकंदाच्या आसपास हातात यावा आणि तुमच्या हातापासून पायापर्यंत १.२५ सेकंदांहून जास्त लागू नये. बेरीज दोन सेकंद. २.२ झाले की पंट अडवला जाण्याची शक्यता झपाट्याने वाढते, आणि अडवलेला पंट सामना फिरवतो. स्टॉपवॉच लावून सराव न करणाऱ्याला आपण हळू आहोत हे निवड चाचणीतच कळतं.

एका पंटची फोड

पुढचं वर्णन उजव्या पायाने मारणाऱ्यासाठी आहे. डाव्या पायाने मारणाऱ्याने बाजू उलट कराव्यात. त्याच्या बॉलची फिरकी उलट असते, रिटर्नरला तिची सवय कमी असते, त्यामुळे डावऱ्या पंटरकडे संघ आवर्जून बघतात.

उभं राहताना पाय खांद्याच्या रुंदीइतके, गुडघे मऊ, वजन तळव्यांच्या पुढच्या भागावर. हात शरीरापुढे, कोपरं किंचित वाकलेली. स्नॅप शरीरावर आदळू द्यायचा नाही, हात पुढे नेऊन झेलायचा. स्नॅप बाजूला आला तर नुसते हात लांबवू नका, अख्खं शरीर सरकवा. हात लांबवून झेललेला बॉल परत मध्यावर आणण्यात पाव सेकंद जातो आणि पावलांची रेषाही तिरकी होते.

बॉल हातात आला की पहिलं पाऊल पडेपर्यंत लेस वर आल्या पाहिजेत. लेसवर पाय बसला तर बॉल वेडावाकडा जातो. हे फिरवणं बोटांच्या टोकांनी, नजर बॉलवर ठेवून. मग उजव्या हातात पकड घ्यायची, हस्तांदोलन करतो तशी: बॉलच्या मागच्या अर्ध्या भागावर बोटं पसरलेली, तर्जनी बाजूच्या शिवणीलगत, अंगठा वरच्या आतल्या बाजूला. मनगट ताठ. डावा हात नुसता आधाराला, आणि तो वेळेवर निघाला पाहिजे. डावा हात रेंगाळला की बॉल सुटताना त्याला हलका धक्का लागतो आणि टोक फिरतं.

बॉलचं पुढचं टोक किंचित आत, साधारण १० ते १५ अंश, आणि किंचित खाली. या कोनामुळे पायाचं हाड बॉलच्या पोटावर तिरकं बसतं आणि बॉल मळसूत्रासारखा फिरत सुटतो. पुढे उतरताना टोक खाली वळलं, तर समजा पंट नीट बसला; उंची आणि लांबी दोन्ही त्यातूनच येतात.

पावलं दोन: उजवं छोटं, डावं लांब, मग किक. तिसरं पाऊल घेणारे कॉलेजात चालून जातात, व्यावसायिक पातळीवर तेवढा वेळ कुणी देत नाही. पावलं लक्ष्याच्या दिशेने एका सरळ रेषेत पडली पाहिजेत. डावं पाऊल उजव्यापुढे आडवं पडलं की कंबर अडकते आणि पाय शरीराच्या आरपार वळसा घेत जातो. अडवणारे खेळाडू स्क्रिमेज रेषेच्या नऊ-दहा यार्ड मागच्या बिंदूकडे झेपावतात. तुमची पावलं लांबली की तुम्ही स्वतःहून त्या बिंदूत शिरता.

आता ड्रॉप. बॉल सोडायचा म्हणजे हात त्याच्याखालून काढून घ्यायचा. फेकायचा नाही, वर उचलायचा नाही, खाली ढकलायचा नाही. उजवा हात जवळजवळ सरळ, बॉल उजव्या कंबरेच्या रेषेत, कमरेच्या जरा वर. डावं पाऊल जमिनीला टेकतानाच बॉल सुटतो. हातात ज्या कोनात होता, त्याच कोनात तो पायापर्यंत गेला पाहिजे. या अर्ध्याहून कमी सेकंदात टोक जरा जरी हललं, तरी पायात कितीही ताकद असो, पंट गेला. फोन तिवईवर लावून बाजूने आणि समोरून मंदगती चित्रण करा. बॉल सुटल्याचं आणि पायाला लागल्याचं चित्र शेजारी ठेवा. दोन्हींत बॉलचा कोन वेगळा दिसला, तर त्या दिवशी किक बंद आणि फक्त ड्रॉप.

पाय लागतो तो गुडघ्याच्या उंचीच्या आसपास, बूट लेसच्या जरा बाहेरच्या बाजूला, पायाच्या वरच्या कठीण हाडावर. बोटं पुढे ताणलेली, घोटा कुलूपबंद. डोकं खाली, छाती बॉलवर. पाय लागल्यानंतरही वर जात राहिला पाहिजे, आणि तो लक्ष्याकडे जावा, डाव्या खांद्याकडे नाही. लाथेच्या पायात अनेक पंटर अर्धा ते एक नंबर लहान बूट घालतात. पाऊल आत सरकलं नाही तर स्पर्श स्वच्छ बसतो.

काय बिघडतं आणि का

बॉल पायाच्या कडेवरून सटकून १५-२० यार्डांत मैदानाबाहेर जातो, त्याला शँक म्हणतात. मूळ जवळजवळ नेहमी ड्रॉपमध्ये: बॉल शरीरापासून फार बाहेर किंवा फार आत पडलेला असतो. पुष्कळजण शँक झाला की पुढच्या वेळी जोर वाढवतात. त्याने वाट्टोळं होतं. जोर कमी करा आणि हात कुठे होता ते बघा.

बॉल उंच जातो, पण गरगरत, आणि ३५ यार्डांत पडतो: टोक वर राहिलं होतं, पाय बॉलच्या मागच्या जाड भागावर बसला. बॉल खालून सपाट जातो, हँग टाइम ३.८: ड्रॉप फार पुढे पडला आणि पाय पोचवायला शरीर मागे झुकलं. सतत डावीकडे वळतो: टोक जास्त आत आहे किंवा पाय आरपार जातोय. सुरुवातीचे दोन पंट चांगले आणि मग घसरण होत असेल तर तंत्र नाही, कंबरेचे स्नायू थकलेत. त्या दिवशी थांबा.

वारा ड्रॉपलाच पकडतो, हे नवख्यांना उशिरा कळतं. ५ जानेवारी १९८६ रोजी शिकागोच्या सोल्जर फील्डवर न्यूयॉर्क जायंट्सचा शॉन लँडेटा स्वतःच्या एंड झोनजवळून पंट मारत होता. हातातून सुटलेला बॉल वाऱ्याने सरकला, पायाला जेमतेम घासला, आणि बेअर्सच्या शॉन गेलने तो उचलून पाच यार्डांवरून टचडाउन केला. जायंट्स २१-० ने हरले. लँडेटा त्यानंतर २००५ पर्यंत खेळला, म्हणजे एका किकने करिअर बुडत नाही. पण धडा घ्यायचा तो असा: वारा असेल तर बॉल हवेत कमी वेळ राहील असा खालून सोडा. समोरून वारा असताना टोक आणखी जरा खाली ठेवा आणि पंट कमी उंचीचा मारा; जास्त जोराने मारलेला बॉल उंच चढतो आणि वारा त्याला मागे आणतो. पाठीमागून वारा असेल तर उंच मारा, लांबी वारा देईल.

स्नॅप खराब आला, तर आधी बॉल ताब्यात घ्यायचा, मग बाकीचं. डिसेंबर २०१० मध्ये जायंट्सच्याच मॅट डॉजला फिलाडेल्फिया ईगल्सविरुद्ध शेवटच्या क्षणी बॉल मैदानाबाहेर मारायला सांगितलं होतं. स्नॅप उंच आला, घाई झाली, बॉल सरळ डीशॉन जॅक्सनकडे गेला आणि ६५ यार्डांच्या रिटर्नवर सामना संपला. बाहेर मारण्याचा सराव वाईट स्नॅपनंतरही करून ठेवावा, तो यासाठी. स्नॅपरला मुद्दाम चारातला एक स्नॅप उंच किंवा बाजूला टाकायला सांगा.

किक झाल्यावर एक पाय हवेत असतो आणि धडक तेव्हाच बसते. नियम तुमच्या बाजूने आहेत: साधी धडक म्हणजे ५ यार्डांचा दंड, गंभीर धडक म्हणजे १५ यार्ड आणि नव्याने पहिला प्रयत्न. पण बॉल जमिनीवर पडून तुम्ही तो उचलून मारलात, तर हे संरक्षण हातचं जातं.

जागेप्रमाणे पंट

मैदानाच्या मध्यातून मारायचा पंट वेगळा आणि प्रतिस्पर्ध्याच्या ४५ यार्ड रेषेवरून मारायचा वेगळा. दुसऱ्या प्रकारात बॉल त्याच्या २० यार्ड रेषेच्या आत, शक्यतो १० च्या आत थांबवायचा असतो. जुनी पद्धत म्हणजे कोपऱ्याच्या झेंड्याकडे मारून बॉल बाजूच्या रेषेबाहेर घालवायचा. फिगल्सचा हातखंडा होता तो यात. आता बहुतेकजण ऑस्ट्रेलियन पद्धतीचा ड्रॉप पंट वापरतात: बॉल उभा धरून खालच्या टोकावर पाय मारायचा, तो टोकावर टोक उलटी फिरकी घेत जातो आणि पडल्यावर पुढे न पळता थबकतो किंवा मागे उसळतो. लक्ष्य १० यार्ड रेषेवर ठेवा, गोल रेषेवर नाही. बाकी अंतर गनरवर सोडा.

स्वतःच्या ३ यार्ड रेषेवरून पंट मारायचा असेल, तर मागे १५ यार्ड नसतात. एंड झोन १० यार्डांची, म्हणजे जेमतेम १३ मिळतात, आणि मागच्या रेषेवर टाच पडली तर सेफ्टी, प्रतिस्पर्ध्याला दोन गुण. टाचा रेषेच्या एक यार्ड पुढे ठेवा, पहिलं पाऊल आखूड करा आणि स्नॅप जवळून, म्हणजे लवकर येणार हे धरून चाला. उलट कधीकधी सेफ्टी मुद्दाम द्यायची असते. फेब्रुवारी २०१३ च्या सुपर बोलमध्ये बाल्टिमोरचा पंटर सॅम कोच बारा सेकंद उरले असताना एंड झोनमध्येच बॉल घेऊन फिरत राहिला, आठ सेकंद खाल्ली आणि मग रेषेबाहेर गेला. दोन गुण गेले, विजेतेपद ३४-३१ असं राहिलं. घड्याळ, गुण आणि दंडाचे नियम पंटरला पाठ पाहिजेत, ते यामुळे.

मैदानाच्या एका बाजूला मारायचं असेल तेव्हा पाय वळवू नका, झेलल्यानंतरची पावलांची रेषा वळवा. कंबर आणि छाती लक्ष्याकडे वळलेली असली की किक नेहमीचीच राहते.

होल्डरचं काम

हे काम जमत नसेल तर एनएफएलचं दार उघडतच नाही, असं समजून चाला. फील्ड गोल आणि एक्स्ट्रा पॉइंटसाठी (टचडाउननंतरच्या जादा गुणासाठी) बॉल धरतो तो बहुतेक संघांत पंटरच, कारण सरावाच्या वेळी किकर आणि स्नॅपर यांच्यासोबत तोच मोकळा असतो. स्नॅपपासून किकपर्यंत एकूण वेळ १.३ सेकंद. स्क्रिमेज रेषेच्या सात-आठ यार्ड मागे एक गुडघा टेकून बसायचं, बॉल झेलायचा, खुणेवर टेकवायचा, किकरला हवा तसा कलवायचा आणि लेस गोलच्या दिशेला फिरवायच्या. चुकीच्या जागी टेकवलेला बॉल ओढू नका, तिथेच धरा. किकर पाय जुळवून घेईल, पण हलता बॉल त्याला मारता येत नाही.

याची किंमत ३ डिसेंबर २०२३ ला टायटन्सला कळली. कोल्ट्सविरुद्ध पंट अडवला जाताना स्टोनहाउसच्या गुडघ्याला गंभीर दुखापत झाली. मग क्वार्टरबॅक रायन टॅनेहिलला होल्डर म्हणून बसावं लागलं, बरोबरीनंतर आघाडी देणारा एक्स्ट्रा पॉइंट हुकला, सामना जादा वेळेत गेला आणि टायटन्स ३१-२८ ने हरले. निवड चाचणीला जाताना होल्डिंगचं चित्रण सोबत न्या. पंटच्या चित्रणाइतकंच ते बघितलं जातं.

आठवड्याचा सराव

मोसम नसताना पूर्ण ताकदीचे ४० ते ५० पंट, आठवड्यातून तीन दिवस, मध्ये विश्रांती. याहून जास्त मारणाऱ्यांचं मांडीच्या पुढच्या स्नायूचं किंवा जांघेचं दुखणं ठरलेलं. मोसमात रविवारी सामना असेल तर बुधवारी ३०, गुरुवारी २०, शुक्रवारी दहाबारा आणि शनिवारी नुसते ड्रॉप. ड्रॉपला मात्र मर्यादा नाही: रोज शंभर, किक न मारता, जमिनीवर आखलेल्या सरळ रेषेवर. बॉल रेषेवर पडला का आणि सपाट पडला का, एवढंच बघायचं. झेलण्याच्या सरावासाठी स्नॅपर मिळत नसेल तर कुणालाही पंधरा यार्डांवरून बॉल जोरात फेकायला सांगा. दिवसाला पन्नास झेल.

व्यायामशाळेत एका पायावरचे स्क्वॉट, मांडीच्या मागच्या स्नायूंचा व्यायाम, पोट आणि कंबर. वजन उचलण्याचे आकडे पंटरचे बघत नाहीत. कंबरेची लवचिकता बघतात, कारण पाय खांद्याच्या वर गेला नाही तर हँग टाइम येत नाही.

एनएफएलमध्ये किकिंगसाठी वेगळे बॉल असतात. त्यांना के-बॉल म्हणतात, १९९९ पासून. २०२४ पर्यंत ते नव्याच्या जवळ, कडक आणि निसरडे वाटायचे. नियमाप्रमाणे बॉलमध्ये १२.५ ते १३.५ पीएसआय हवा असते. सराव झिजलेल्या, मऊ बॉलवर केला तर आकडे फसवे येतात, म्हणून हवा मोजूनच सराव करा.

रस्ता

नेहमीचा रस्ता हायस्कूल, कॉलेज, मग एनएफएल. कॉलेजचे कोच पंटर शोधत गावोगाव फिरत नाहीत. ते कोल्स किंवा ख्रिस सेलर यांच्यासारख्या किकिंग शिबिरांतल्या मानांकनाकडे बघतात. हायस्कूलच्या तिसऱ्या वर्षाआधी अशा शिबिरात नाव नोंदवलेलं बरं. कोचला पाठवायचं चित्रण दोन मिनिटांहून लांब नको, आणि त्यात संकलन न केलेली सलग दहा किकांची मालिका हवी, पडद्यावर हँग टाइमसह. निवडक पाच पंटचा व्हिडिओ कुणीही बनवतो. सलग दहा किकांत तुमची सगळ्यात वाईट किक दिसते, आणि कोचला नेमकी तीच बघायची असते. पूर्ण शिष्यवृत्ती पहिल्या वर्षी मिळतेच असं नाही. अनेकजण वॉक-ऑन म्हणून, म्हणजे शिष्यवृत्तीशिवाय, आत जातात. २०२५ पासून मोठ्या कॉलेजांच्या फुटबॉल संघांवर १०५ खेळाडूंची मर्यादा आल्यामुळे ती वाटही अरुंद झाली आहे.

दुसरा रस्ता ऑस्ट्रेलियातून येतो. मेलबर्नची प्रोकिक ऑस्ट्रेलिया ही संस्था २००७ पासून ऑस्ट्रेलियन रूल्स फुटबॉल खेळलेल्यांना अमेरिकन कॉलेजांत पाठवते. कॉलेजच्या सर्वोत्तम पंटरला मिळणारा रे गाय पुरस्कार २०१३ ते २०१७ अशी सलग पाच वर्षं ऑस्ट्रेलियनांनीच नेला. कॉलेजात त्यांना बाजूला धावत जाऊन मारायला मिळतं. एनएफएलचे स्काउट मात्र जागेवरून मारलेला मळसूत्री पंट मागतात. तो येत नसेल तर पुरस्काराचा उपयोग होत नाही. मायकल डिक्सनला दोन्ही येत होतं. २०१८ ला सीहॉक्सने त्याला ड्राफ्टच्या (संघांनी नवे खेळाडू आळीपाळीने निवडण्याच्या) पाचव्या फेरीत घेतलं आणि तो पहिल्याच वर्षी ऑल-प्रो झाला, म्हणजे वर्षाच्या सर्वोत्तम संघात निवडला गेला.

ड्राफ्टमध्ये पंटरचं नाव उशिरा येतं किंवा येतच नाही. ज्याच्या नावाने तो पुरस्कार आहे, त्या रे गायला १९७३ मध्ये रेडर्सने पहिल्याच फेरीत २३ व्या क्रमांकावर घेतलं होतं. २०१४ मध्ये हॉल ऑफ फेममध्ये गेलेला तो पहिला निव्वळ पंटर. आता चौथी फेरी हीच मोठी गोष्ट मानतात. २०२४ ला शिकागोने टोरी टेलरला १२२ व्या क्रमांकावर घेतलं. हेकर, फिगल्स, स्टोनहाउस आणि लायन्सचा जॅक फॉक्स यांच्यापैकी एकालाही ड्राफ्टमध्ये कुणी निवडलं नव्हतं. निवड झाली नाही तर त्याच रात्री फोन सुरू होतात. तेव्हा जास्त पैसे देणारा संघ नका निवडू. ज्याचा पंटर वयस्क आहे किंवा महागडा होत चालला आहे, तो निवडा.

कुठेच जमलं नाही तर वसंतातली यूएफएल आणि कॅनडाची सीएफएल या दुसऱ्या लीग. कॅनडात तीनच प्रयत्न असल्यामुळे पंट जास्त मारायला मिळतात, पण तिथे फेअर कॅच नाही आणि मैदान रुंद, म्हणून दिशा अचूक लागते. मोसम चालू असताना एनएफएल संघ बहुधा मंगळवारी बाहेरच्या खेळाडूंच्या चाचण्या घेतात. सोमवारी संध्याकाळी फोन येतो, रात्री विमान, सकाळी अनोळखी स्नॅपरसोबत दहाबारा पंट. पासपोर्ट, दोन प्रकारच्या मैदानांचे बूट आणि ताजं होल्डिंग चित्रण बॅगेत तयार ठेवा. विमानातून उतरून ताठलेल्या कंबरेने पहिली किक मारू नका. वीस मिनिटं मागून घ्या, कुणी नाही म्हणत नाही.

करार आणि पैसे

२०२५ च्या मोसमात नवख्याचा किमान पगार ८ लाख ४० हजार डॉलर, आणि सात किंवा अधिक वर्षं झालेल्याचा १२ लाख ५५ हजार. ही रक्कम मोसमाच्या १८ आठवड्यांत विभागून धरतात. तिसऱ्या आठवड्यानंतर काढलं तर तीन आठवड्यांचेच पैसे. ड्राफ्ट न झालेल्याच्या करारात हमीची रक्कम अगदी थोडी असते. प्रॅक्टिस स्क्वॉडवर (५३ च्या यादीबाहेर, फक्त सरावासाठी ठेवलेल्या गटात) त्या मोसमात आठवड्याला किमान १३ हजार डॉलर. एजंटला जास्तीत जास्त ३ टक्के देता येतात; पंटरच्या किमान कराराला त्याहून कमी मागा, मिळतं. कर प्रत्येक सामन्याच्या राज्यानुसार लागतो, त्यामुळे पहिल्या वर्षीच हिशोबनीस ठेवा.

दोन हिशोब वेगळे आहेत आणि ते गोंधळून चालत नाही. पगाराच्या यादीवर तीन सामने पूर्ण झाले की पेन्शनसाठीचा एक मोसम धरला जातो, आणि असे तीन मोसम झाले की पेन्शन पक्की. करारातून मोकळं होण्याचा हिशोब सहा सामन्यांवर चालतो: असे चार मोसम भरले आणि करार संपला की तुम्ही कुठल्याही संघाशी बोलायला मोकळे. पेन्शनच्या हिशोबाने चार मोसम होण्याआधी काढलं तर नाव वेव्हर्सवर जातं आणि दुसरा कुठलाही संघ तुमचा आहे तो करार उचलू शकतो.

पेन्शनच्या हिशोबाने चार मोसम पूर्ण केलेला खेळाडू पहिल्या आठवड्याच्या यादीत असेल आणि नंतर काढला गेला, तर त्या वर्षाचा उरलेला मूळ पगार त्याला मागता येतो, कारकिर्दीत एकदा. संघांना हे चांगलं ठाऊक असतं. म्हणून अनुभवी पंटरला काही वेळा पहिला सामना उलटल्यावरच बोलावतात. तो फोन आला तर मानापमान बाजूला ठेवा, पण सही करण्याआधी करारावर बोनस म्हणून काही आठवड्यांच्या पगाराएवढी रक्कम मागा; दुसऱ्या आठवड्यात पंटर शोधणाऱ्या संघाला घासाघीस करायला वेळ नसतो.